गाईचा उतार

माझं अक्षर वाईट आहे. ऱ्हस्व-दीर्घ मला चौथीत कळत नव्हतं आणि चौथीनंतर शाळाच सुटली, त्यामुळे ते तिथंच राहिलं. चुकांबद्दल आधीच माफी मागते. ही वही वाचणार कोणी नाही, पण वहीलाही डोळे असतात असं मला वाटतं. कागद चौकटीचा आहे, इंजिनियर लोक वापरतात तसला. एका चौकटीत एक अक्षर बसवायचं म्हटलं तर माझं अक्षर शेजारच्या चौकटीत पाय पसरतं. ही वही माझ्याकडं कशी आली ते शेवटी लिहीन.

मला लिहायचंय ते सरांबद्दल.

मी निपाणीकडची. लग्न होऊन बेंगळुरात आले. सासरची माणसं साडेतीनशे वर्षांपूर्वी इकडं आलेली, त्यांचं मराठी ऐकून पहिल्या महिन्यात मला वाटायचं, ही माणसं कन्नड बोलतायत आणि मधेच चुकून मराठी शब्द पडतोय. सरही तसल्याच जुन्या घरातले. राजाजीनगरला त्यांचं घर, मी तिथं सकाळचा स्वयंपाक करायची. सर सरकारी इंजिनियर होते, निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली होती. पण निवृत्त झाल्याचं त्यांना कोणी सांगितलं नसावं.

पहिल्या दिवशी मी दारात उभी राहिले. मला अनोळखी माणसापुढं बोलता येत नाही. सरांनी माझं नाव विचारलं नाही, गाव विचारलं नाही. म्हणाले, "तुझ्या घराला खांब किती?"

मी म्हणाले, "भाड्याचं आहे."

"भाड्याच्या घराला खांब नसतात का?"

आतून त्यांच्या बायको ओरडल्या, "अय्यो, तिला आत तरी येऊ द्या!" त्यांना सगळे अक्का म्हणायचे, मीही अक्काच म्हणाले. दुसऱ्या दिवशी मी खांब मोजून आले. सर खूश झाले. माझं काम पक्कं झालं.

त्या घरातला स्वयंपाक म्हणजे वेगळंच होतं. बेंगळुरात भूकंप होत नाही असं सगळे म्हणतात. सर म्हणायचे, "म्हणूनच. सवय नाही आपल्याला." कपाटं भिंतीला लोखंडी पट्टीनं बांधलेली. बरण्यांच्या फळीला पुढून लाकडी काठ, म्हणजे हादरा बसला तर बरणी उडी मारणार नाही. गॅसच्या टाकीला साखळी. जड वस्तू खाली, हलकी वर, हा नियम. म्हणून रगडा जमिनीवर, आणि पापडाचा डबा इतक्या वर की पापड भाजायचा असला तर आधी स्टूल. देवांच्या फोटोंना चार-चार स्क्रू. दिवाळीला अक्का फोटो पुसायला काढायला गेल्या, तर एकही देव जागचा हलेना. अक्का म्हणाल्या, "ह्यांनी देवांनाच कैद केलंय."

आणि उप्पिट्टू. उपम्याला इथं उप्पिट्टू म्हणतात. सर चव कधी सांगायचे नाहीत. मी बशी ठेवली की लोटीत उप्पिट्टू दाबून भरायचे, लोटी बशीत उलटी करायचे, हळूच वर उचलायचे आणि पट्टी घेऊन उप्पिट्टू किती खाली बसलं ते मोजायचे. एक बोट बसलं तर, "सरी, चांगलंय." दोन बोटं बसलं तर, "पाणी जास्त." अजिबात नाही बसलं तर, "कोरडं. आतून पोकळ राहील." म्हणजे काय ते मला तेव्हा कळत नव्हतं. काँक्रीट असंच तपासतात म्हणे. मीठ कसं आहे, फोडणी करपली का, हे त्यांनी एकदाही सांगितलं नाही. मी सहा महिने या भीतीत होते की चव इतकी वाईट आहे की ते बोलतच नाहीत.

देवघरात देवांच्या रांगेत सिमेंटचं एक ढेकूळ होतं. त्याला रोज कुंकू. मी एकदा पुसताना नख लागलं तर वाळू गळली. मी घाबरून अक्कांकडं गेले, "देव फुटला." अक्का हसल्या. मग खाली बसून हळू आवाजात सांगितलं.

"तो देव नाही गं. बाल्कनीचा तुकडा आहे. हे तरुण होते तेव्हाचा. आमच्या नात्यातलं लग्न होतं, हे पंगतीत बसलेले. कंत्राटदार कागद घेऊन तिथंच आला. ह्यांनी पानावर बसल्या बसल्या सही केली. डाव्या हातानं, उजवा भातात होता. दोन वर्षांनी ती बाल्कनी पडली. वर फक्त तुळशीची कुंडी होती म्हणून बरं. तेव्हापासून जागेवर जाऊन बघितल्याशिवाय हे कशावर सही करत नाहीत."

ते खरंच होतं. कुरियरवाला आला की सर त्याला उन्हात उभं करून पुडकं उघडून बघायचे आणि मगच सही. मुलगी लहान होती तेव्हा तिच्या प्रगतिपुस्तकावर सही करायच्या आधी शाळेत गेले होते, गणिताचे मार्क खरेच तेवढे आहेत का बघायला. मास्तरांनी मुलीला परत गणित घातलं. मुलीनं दोन दिवस बापाशी बोलणं सोडलं.

आता घराचं सांगते.

आमचे हे यशवंतपूरच्या बाजारात कांद्याच्या दुकानात काट्यावर असतात. आम्ही दोघांनी चौदा वर्षं पैसे साठवून यशवंतपूरच्या पलीकडं वीस बाय तीसची जागा घेतली. कागद सरळ होते, जागा स्वस्त होती. स्वस्त का, हे आम्ही विचारलं नाही. दोन खोल्या आणि वर स्लॅब, एवढेच पैसे हातात होते. एक रुपया इकडचा तिकडं झाला तर स्लॅबच्या जागी पत्रा आला असता. मला पत्रा नको होता. भाड्याच्या घरात पत्र्याखाली मी पुष्कळ वर्षं काढली होती.

मी सरांना घाबरत घाबरत सांगितलं. सर म्हणाले, "जागेवर जाऊ."

जागेवर आले. छत्रीच्या टोकानं माती उकरली. खाली वाकून काहीतरी उचललं आणि माझ्या तळहातावर ठेवलं. गोगलगायीचा पांढरा शंख. आणखी उकरलं, आणखी शंख.

"इथं तळं होतं," सर म्हणाले.

आमचे हे म्हणाले, "आता नाही सर. तीस वर्षं झाली असतील बुजवून."

"तळं गावाला गेलंय. घर विकून गेलेलं नाही." मग दोन गल्ल्या पलीकडच्या राजकालुवेकडं बोट केलं. राजकालुवे म्हणजे पावसाचं पाणी नेणारा मोठा नाला. "येताना त्या रस्त्यानं येईल."

मेस्त्री म्हणाला, दीड फूट जोतं साकू, म्हणजे पुरे, सगळे तेवढंच घालतात. सर म्हणाले, सगळ्यांना विचारून पाणी येत नाही. किती उंच घालायचं ते आपण देवीला विचारू.

मला वाटलं कौल लावणार. पण सर दुसऱ्या रविवारी आले ते नळीचं भेंडोळं घेऊन. प्लास्टिकची पारदर्शक नळी, आत पाणी भरलेलं. जुन्या गावाच्या मारम्मा देवीचं देऊळ आमच्या जागेपासून तीन गल्ल्यांवर आहे. सर म्हणाले, "जुन्या लोकांनी तळ्याच्या काठाला देवी बसवली. किती उंचावर बसवली? पाणी बघूनच बसवली असणार. देवीचे पाय जिथं आहेत, ती उंची आपल्या जागेवर आणायची. नळीतलं पाणी दोन्ही टोकांना सारखं उभं राहतं. तू हे टोक धर."

मी! रस्त्यात! मी लग्नात वाढायलासुद्धा पुढं होत नाही. आणि भर रविवारी सकाळी मी गल्लीत नळीचं टोक छातीशी धरून उभी, सर पलीकडच्या टोकाला, आणि मधे रस्त्यावर नळी सापासारखी पडलेली. एक रिक्षावाला थांबला. हॉर्न वाजवला. सर ओरडले, "हलू नको!" ते मला म्हणाले होते, पण रिक्षावालाच हलेना. त्याच्या मागं दुसरा. कोणीतरी विचारलं, "काय अम्मा, पाण्याचं कनेक्शन का?" मी नळीतल्या पाण्याकडं बघत राहिले. दुसरीकडं बघायची हिंमत नव्हती.

एका नळीत तीन गल्ल्या होत नाहीत. म्हणून सर प्रत्येक टप्प्याला कोणाच्या तरी भिंतीवर खडूनं आडवी रेघ मारायचे आणि पुढं जायचे. सात रेघा झाल्या. आता त्या भागात, भिंतीवर सरकारी दिसणारा माणूस रेघ मारतोय म्हटल्यावर लोकांना एकच अर्थ कळतो. राजकालुवेच्या कडेची घरं पाडायला येतात ना, त्याआधी अशाच खुणा करून जातात. बायका बाहेर आल्या. सगळ्यांत पुढं मंजुळा, आमच्या समोरच्या घरातली. कमरेला पदर खोचून.

"काय हो सर, कुठल्या ऑफिसातून? आमचे कागद आहेत! टॅक्स भरलाय!"

सर नळीकडं बघत म्हणाले, "तुमचं घर पाडायची गरज नाही. आपोआप बुडेल."

यावर मंजुळानं जे काही कन्नडमधून सांगितलं ते मी लिहीत नाही. आम्ही सातवी रेघ मारून जागेवर पोचलो. सरांना एकदा परत तपासायची सवय, म्हणून उलटे निघालो, तर भिंतीवर एकही रेघ नाही. मंजुळा ओलं फडकं घेऊन आमच्या मागं मागं येत होती, आम्ही एक रेघ मारली की ती पुसत होती. सरांनी फडक्याकडं बघितलं, तिच्याकडं बघितलं आणि मला म्हणाले, "बरं. पहिल्यापासून." दुसऱ्यांदा मात्र रिक्षावाले ओळख असल्यासारखे वळसा घालून गेले.

देवीचे पाय आमच्या जमिनीपासून बरोबर तीन फूट आले. सर म्हणाले, "साडेतीन घालू."

आमचे हे म्हणाले, "देवीपेक्षा वर कसं बसायचं सर?"

"पाणी आलं तर देवीला लोक उचलून नेतील. तुम्हाला कोण उचलणार?"

घरी येऊन हे माझ्यावर चिडले. साडेतीन फूट भराव, दगड, आणि सर सांगतात तसा जोत्यावरून चारही बाजूंनी सळईचा काँक्रीट पट्टा, म्हणजे साठ हजार जास्त. "पैसे मातीत पुरायचे आणि डोक्यावर पत्रा घालायचा?" त्यांचं चुकत नव्हतं. मी दोन दिवस सरांकडं काही बोलले नाही. तिसऱ्या दिवशी उप्पिट्टू अडीच बोटं बसलं. सरांनी पट्टी खाली ठेवली.

"तुझं लक्ष कुठं आहे?"

मी सांगितलं. सर उठून आत गेले आणि साठ हजार आणून ओट्यावर ठेवले, जिऱ्याच्या डब्याशेजारी. मी हात लावेना. मी म्हणाले, पगारातून कापून घ्या.

"नाही. पगार पगाराच्या जागी, कर्ज कर्जाच्या जागी. दोन भार एका खांबावर टाकायचे नाहीत. पगार मी पूर्ण देणार. तू घरी नेणार, मग तुझ्या हातानं दर महिन्याला दीड हजार आणून देणार." मग चौकटीची एक नवी वही काढली, इंग्रजीत काहीतरी लिहिलं. "आणि काँक्रीट घालतील त्या दिवशी तू तिथं उभी राहायचं. मला त्या दिवशी डोळ्याचं ऑपरेशन आहे."

"सर, मला काय कळतं त्यातलं?"

"तुला उप्पिट्टू कळतं," सर म्हणाले, आणि मला एक बूड कापलेली बादली दिली.

बूड नसलेली बादली घेऊन मी बसनं गेले. कंडक्टर म्हणाला, "अम्मा, ही घेऊन पाण्याला गेलात तर परत कधी येणार?" सगळी बस हसली. मी खाली बघितलं, तर बादलीतून माझेच पाय दिसले.

मेस्त्रीची माणसं काँक्रीट कालवत होती. पाणी पाइपनं सोडलेलं, बघायला कोणी नाही. पातळ असलं की ओतायला सोपं जातं, हात दुखत नाहीत. मला ते दिसत होतं. बोलायचं होतं. अर्धा तास मी बादली धरून उभी. मग त्यांनी पहिलं घमेलं उचललं आणि मला वाटलं, आता हे सळईत गेलं की संपलं, साठ हजार गेले, आणि सर डोळ्याला पट्टी बांधून हॉस्पिटलात बसलेत. मी पुढं गेले. बादली उलटी ठेवली, वरून काँक्रीट भरलं, आणि सरळ वर उचलली.

काँक्रीट उभं राहिलंच नाही. माझ्या चपलांपर्यंत आलं.

"मेस्त्री," मी म्हणाले, "हे उप्पिट्टू नाही. हे सारू आहे."

सारू म्हणजे भातावर घ्यायचं पातळ सार. मेस्त्री माझ्याकडं बघत राहिला. तीन आठवडे मी तिथं येत होते आणि त्याला वाटत होतं की मी मुकी आहे, असं त्यानं नंतर ह्यांना सांगितलं. तो म्हणाला, "अम्मा, असंच असतं." मी म्हणाले, "माझ्या हातानं मी रोज करते. पाणी बंद करा." माझाच आवाज मला परका वाटला. पाणी बंद झालं. दुसरा गारा केला. बादली उचलली, चार बोटं बसला. सरांनी चारपर्यंत चालेल म्हटलं होतं. मी म्हणाले, "सरी," आणि मग विटांच्या ढिगावर जाऊन बसले.

घर झालं. सात पायऱ्या, वर दार, डोक्यावर स्लॅब. आजूबाजूच्या घरांत आमचं घर असं दिसायचं की कोणीतरी चुकून पाटावर बसलंय. मंजुळानं नाव ठेवलं, मेट्रो स्टेशन. भाजी घेऊन जाताना खालून विचारायची, "काय गं, पुढची गाडी किती वाजता?"

गृहप्रवेशाला इथं गाय आधी घरात न्यायची रीत आहे. माणसं मागून. गाय आत गेली नाही तर कोणी आत जात नाही. मागच्या गल्लीतले गवळीअण्णा आपली गौरी घेऊन आले. शिंगांना हळद, गळ्यात हार. पुजारी म्हणाले, मुहूर्त सव्वाआठपर्यंत. गौरीनं पहिली पायरी बघितली. पाय ठेवला. दुसरी बघितली. वर दारापर्यंत सगळ्या सात बघितल्या. आणि पाय काढून घेऊन उलटी फिरली.

गूळ दाखवला. केळं दाखवलं. मागून ढकललं. गवळीअण्णा म्हणाले, "आजवर पन्नास घरं केली हिनं. लिफ्टमधून गेलीय. पायऱ्या नको म्हणते." आठ वाजले. आमचे हे माझ्याकडं बघत होते. साठ हजार, साडेतीन फूट, आणि आता घरात जाताच येईना. मंजुळा आपल्या दारातून म्हणाली, "मेट्रोला तिकीट काढलं नाही का तिनं?"

सर पांढरा शर्ट घालून आले होते. ते पुढं झाले, खिशातून टेप काढली आणि गौरीचा पुढचा पाय मोजला. मग सगळ्यांसमोर म्हणाले, "चूक माझी. मी माणसांचाच विचार केला." आणि लगेच, "सेंट्रिंगच्या फळ्या कुठं आहेत? वाळूची पोती आणा. उतार एकास सहा पाहिजे. म्हणजे एकवीस फूट. पण मंजुळाबाईंचं दार मधे येतं. एकास चार!"

पुजारी म्हणाले, "सर, मुहूर्त जातो."

"मुहूर्त स्वल्प अड्जस्ट माडी, जरा सरकवून घ्या. उतार अड्जस्ट होत नाही."

दहा मिनिटांत चौदा फुटांचा फळ्यांचा उतार झाला. गल्ली बंद. दोन्हीकडं दुचाक्या थांबल्या. गवळीअण्णा फळ्यांकडं बघून म्हणाले, "माझं जनावर आहे सर. मोडलं तर?" सर म्हणाले, "मोडणार नाही," आणि पायऱ्यांच्या पुढं फळ्यांच्या खाली जाऊन गुडघे पोटाशी घेऊन बसले. सत्तरीच्या पुढचा माणूस. अक्का ओरडल्या, "अहो, शर्ट!" खालून आवाज आला, "आता चढवा गाय."

गौरी निघाली. फळ्या वाकल्या. बरोबर मधे, सरांच्या डोक्यावर, ती थांबली. शेपटी उचलली. आणि फळ्यांमधल्या फटींतून सगळं खाली गेलं.

पुजाऱ्यांचा चेहरा उजळला. "गोमूत्र! फार शुभ झालं!"

खालून सर म्हणाले, "वरून सांगू नका. मला कळलंय."

गौरी आत गेली, देवापुढचा गूळ खाल्ला, केळी खाल्ली, आणि निघायलाच तयार नाही. सर ह्यांचा शर्ट घालून पंगतीत बसले. जेवता जेवता म्हणाले, "घराच्या कडेनं तीन फूट जागा सोडलीय ना? तिथं पक्का उतार करू. एकवीस फूट. एकास सहा. उरलेल्या दगडांतच होईल." आमचे हे म्हणाले, "सर, गाय रोज येणार नाही." सर म्हणाले, "ज्याला पायऱ्या जमत नाहीत असं कोणीतरी येतंच."

उतार झाला. आता मंजुळा विचारायची, "गाडी नाही, घोडा नाही, उतार कोणाला?"

दुसऱ्या वर्षी तळं आलं.

आदल्या दिवसापासून पाऊस थांबत नव्हता. रविवारी सकाळी दहाच्या सुमाराला गटारांची झाकणं उचलली गेली. मग राजकालुवेच्या बाजूनं काळं पाणी गल्लीत वळलं, घाई नाही, गडबड नाही, ओळखीच्या गल्लीत यावं तसं. अकराला फोन वाजला.

"पाणी कितव्या पायरीवर?"

"दुसऱ्या, सर."

"चढतंय की थांबलंय?"

"सर, मला भीती वाटतेय."

सर म्हणाले, "वाटू दे. पण उंबऱ्यावर बसून घाबर. तिथून पायऱ्या मोजता येतात. आणि उताराचं तोंड मोकळं ठेव."

मी उंबऱ्यावर बसले. तिसरी पायरी गेली. समोर मंजुळाच्या घरात पाणी शिरलं. ती डोक्यावर टीव्ही घेऊन दारात उभी, आणि मागं तिची सासू, जिला चालता येत नाही, पलंगावर. मंजुळानं माझ्याकडं बघितलं. हाक मारली नाही. तिला कसं मारवेल? दोन वर्षं ती माझ्या घराला हसली होती. आणि मला हाका मारता येत नाहीत हे सगळ्या गल्लीला माहीत होतं.

मी उठून ओरडले, "मंजुळा! मेट्रो आली! सासूबाईंना खुर्चीत बसव!"

ह्यांनी आणि तिच्या नवऱ्यानं प्लास्टिकच्या खुर्चीत म्हातारीला बसवून मांडीएवढ्या पाण्यातून आणलं आणि उतारावरून वर चढवलं. मग शेजारची माणसं आली. मग गवळीअण्णा आले, गौरीचा दोर धरून. दोर कशाला होता कोणास ठाऊक. गौरीनं उतार बघितला आणि अण्णांनाच ओढत वर आली, दारातून आत, सरळ देवापुढं. गूळ कुठं आहे म्हणून माझ्याकडं बघायला लागली.

दोन खोल्यांत अकरा माणसं, एक टीव्ही आणि एक गाय. पाचवी पायरी गेली. सहावीला पाणी लागलं. मी पायरीवरून नजर काढली नाही. चार वाजता सहाव्या पायरीवर ओली रेघ दिसली, पाण्याच्या वर. म्हणजे पाणी उतरत होतं. मंजुळाची सासू खुर्चीतून म्हणाली, "चहा ठेव की गं." मी चहा ठेवला.

दुसऱ्या दिवशी सर गुडघ्यापर्यंतचे बूट घालून चिखलातून आले. आधी देवळात गेले. मग आमच्याकडं येऊन सहाव्या पायरीवरची रेघ मोजली. मी वाट बघत होते की काहीतरी चांगलं बोलतील.

"देवीच्या पायांना पाणी लागलंय," ते म्हणाले. "जुन्या लोकांचा हिशोब थोडा कमी पडला." त्यांना खरंच वाईट वाटलं होतं. मग मंजुळा आली, हातात खडू. म्हणाली, "सर, आमच्या भिंतीवर ती रेघ परत मारून द्या. आम्हाला जोतं वाढवायचंय." सर म्हणाले, "मारतो. फडकं घरात ठेवा."

त्यानंतरही मी दर महिन्याला दीड हजार देत राहिले. एकही महिना चुकला नाही. बाकीच्या घरांत गाद्या, फ्रिज, पोरांची पुस्तकं सगळं गेलं. आमचं काही गेलं नव्हतं, म्हणून देता आलं. सर तोवर थकले. काठी आली, हात थरथरायला लागले. चाळिसावा महिना आला, मी शेवटचे दीड हजार त्यांच्यापुढं ठेवले. त्यांनी वही उघडली, पेन उघडलं आणि बंद केलं.

"इथं सही कशी करू? जागेवर जाऊ."

अक्का म्हणाल्या, "पैशांची सही आहे हो, घराची नाही!" पण ऐकतील तर ते सर कसले.

रविवारी रिक्षानं आले. सात पायऱ्यांकडं बघितलं, गौरीनं बघितलं होतं तसंच. मग कडेनं वळून काठी टेकत उतारावरून वर आले. मी बघितलं नाही असं दाखवलं. आत येऊन बोटाच्या पेरांनी चारही भिंती ठोकल्या, कान लावला. बसले. मी उप्पिट्टू ठेवलं. लोटी उलटी केली, पट्टी लावली. एक बोट.

मग दीड हजार मोजले, दोनदा. आणि विचारलं, "आता तू माझं काही देणं लागतेस का?"

"नाही, सर."

"मग सांगतो. उप्पिट्टूत मीठ कमी असतं. चाळीस महिने झाले. ज्याला पैसे दिलेत त्याच्या हाताला नावं ठेवायची नाहीत, म्हणून गप्प होतो."

मी अक्कांकडं बघितलं. अक्कांनी छताकडं बघितलं. पण आता मीही कोणाचं देणं लागत नव्हते. मी म्हणाले, "सर, तुमच्या बीपीसाठी अक्कांनी कमी घालायला सांगितलंय. मलाही तुमचं देणं होतं, म्हणून मीही गप्प होते."

सर हसले. चाळीस महिन्यांत मी त्यांना असं हसताना बघितलं नव्हतं. मग त्यांनी वही मांडीवर घेतली, बराच वेळ काहीतरी लिहिलं आणि वहीच माझ्या हातात दिली. म्हणाले, "पानं पुष्कळ उरलीत. वाया घालवू नको."

आधीची एकोणचाळीस नोंदींची पानं इंग्रजीत होती, मला वाचता न येणारी. शेवटची ओळ मराठीत होती. मला वाचता यावी म्हणून. अक्षर माझ्यापेक्षाही वाईट, प्रत्येक अक्षर चौकटीच्या बाहेर गेलेलं. मी बोट ठेवून वाचलं:

साठ हजार पूर्ण परत आले. जागेवर जाऊन पाहिलं.

खाली सही होती. उजव्या हातानं केलेली.